कोंडाईचा बांध

ही गोष्ट पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत खरी आहे. खोटी निघाली तर माझ्या जिभेला काटे फुटोत. मला ती माझ्या चुलत्यानं सांगितली आणि चुलता उभ्या जन्मात खोटं बोलला नाही. एकदा म्हशीच्या बाजारात बोलला होता, एकदा मेहुणीचं लग्न जमवताना, आणि कोर्टात दोनदा, पण ते जाऊ द्या. त्यानं ती डोळ्यांनी पाहिली नव्हती. त्याच्या आजीनं पाहिली होती, पण नेमके त्या वर्षी आजीचे डोळे आले होते. म्हणजे बरंचसं कानांनीच पाहिलेलं आहे. तरी गोष्ट खरी आहे.

फार वर्षांपूर्वी, मोजणीची साखळी आपल्या मुलखात अजून खुळखुळली नव्हती तेव्हा, बालाघाटाच्या एका घडीत हिवरखोरं नावाचं गाव होतं. आणि त्या गावाच्या गावकुसाबाहेर कोंडाई नावाची सुईण राहायची.

कोंडाईचा हात असा होता की अडलेली बाई नुसता तिचा आवाज ऐकून सुटायची. असं म्हणतात, ती पोटाला कान लावून आतल्या बाळाशी बोलायची आणि बाळ हुंकार द्यायचं. एका पाटलिणीचं बाळ तीन दिवस बाहेर येईना, तेव्हा कोंडाईनं त्याला आतल्या आत असं काही खडसावलं की ते हात जोडूनच जन्माला आलं. पुढं तो माणूस सत्तर वर्षं जगला, पण कोणाला उलटून बोलला नाही. गावातलं प्रत्येक पोर पहिल्यांदा तिच्या हातात यायचं. आणि बारा दिवसांनी त्याच पोराच्या घरी तिच्या हातचं पाणी चालायचं नाही. ती हसून म्हणायची, "बाराच दिवस असतात माझे. पण ते बारा कोणाला चुकत नाहीत."

तिच्या नावावर वीतभर जमीन नव्हती. पण गावाची जमीन तिच्याइतकी कोणालाच ठाऊक नव्हती, आणि त्याचं कारण वार.

बाळाच्या मागून पडते ती वार. आपल्याकडं ती कुठं टाकून देत नाहीत, पुरतात. हिवरखोऱ्यात तिचा रिवाज असा होता की नव्या मडक्यात वार ठेवायची, वर हळकुंड, सुपारी आणि मूठभर जोंधळे घालायचे, पणतीनं तोंड झाकायचं आणि हातभर खोल पुरायचं. मुलगा झाला तर परसात, न्हाणीपाशी. मुलगी झाली तर गावाच्या शिवेवर, आपल्या शेताच्या शेवटच्या बांधात. असं का, तर जुन्या बाया म्हणायच्या, पोरगा राहणार आहे, त्यानं घर राखावं. पोरगी जाणार आहे. तिचं काहीतरी शिवेवर असलं की सासरी जाताना ती तिथं वळून बघते, आणि माहेरी येताना तिला गाव लवकर लागतं.

आणि पुरलेली वार उकरायची नाही. उकरली तर जिची आहे तिच्या जिवाला धक्का बसतो, असं म्हणतात.

हे सगळं कोंडाईच्या डोक्यात होतं. कोणत्या बांधात कोणती लेक, हे तिच्या आईनं तिला सांगितलं होतं आणि आईला गावच्या आधीच्या सुईणीनं. पुरुषांना यातलं काडीचंही माहीत नव्हतं. बाळंतपण म्हटलं की पुरुष पारावर जाऊन तंबाखू मळायचे आणि पोराचं रडणं ऐकू आलं की मिशीला पीळ द्यायचे. त्यांचं काम तेवढंच.

तर त्या काळी डोंगरापलीकडं एक जहागीरदार होता. त्याला घोड्यांचा नाद. घोडे वाढले तसं कुरण कमी पडू लागलं, आणि कुरण कमी पडू लागलं तशी त्याला आठवण झाली की ही सगळी खोरी आपलीच आहेत. त्याचा रंगराव नावाचा कारभारी होता. अंगानं वाळका, पण कागद खायला घातला की फुगायचा. त्यानं आधी गावोगावचे शिवेचे धोंडे उपटून आणले आणि घोड्यांच्या पागेला पायरी म्हणून बसवले. गावांकडचे कागद वाळवीनं खाल्ले होते. वाळवीही त्याचीच होती म्हणणारे लोक आहेत, पण तेवढं मी म्हणणार नाही.

पहिली उठली डोणवाडी. एका सकाळी डोणवाडीच्या गाड्या हिवरखोऱ्याच्या वाटेनं निघाल्या. गाडीत जातं, उखळ, कोंबड्यांची खुराडी, आणि दारांच्या चौकटी. घर सोडताना माणूस चौकट कशाला नेतो? कुठंतरी पुन्हा दार उभं राहील म्हणून नेतो. एका गाडीत चौकटीला धरून एक बाई कण्हत होती. कोंडाईनं गाडी थांबवली, चार बायांची लुगडी आडवी धरली आणि हिवराच्या झाडाखाली तिला मोकळी केली. मुलगी झाली. कोंडाईनं मडकं मागवलं, वार ठेवली, आणि सवयीनं विचारलं, "कुठं पुरू, माय?"

ती बाई म्हणाली, "पुरायला जागा असती तर गाडीत कामून बसले असते मी?"

कोंडाईनं ते मडकं कडेवर घेतलं, पोर घ्यावं तसं, आणि हिवरखोऱ्याच्या शिवेवर नेऊन पुरलं. "आता ही आमची लेक," एवढंच म्हणाली. गाड्या पुढं गेल्या.

आठ दिवसांनी दवंडी आली की आता डोणवाडीमागं हिवरखोरं. नव्या राज्याची मोजणीची साखळी पंचमीला येणार. ज्याला आपली शीव दाखवता येईल त्याची जमीन. दाखवता आली नाही तर खोरं जहागीरदाराच्या कुरणात, आणि माणसांनी वाट धरायची.

चावडीवर पुरुष जमले. कोणी म्हणालं, साहेबाला कोंबडं देऊ. कोणी म्हणालं, मारुतीला नवस करू. एकजण म्हणाला दोन्ही करू, पण कोंबडं एकच होतं. मल्हारी पाटलांनी डोकं धरलं. "धोंडे नाहीत, कागद नाही. शीव काय हवेत बोट फिरवून दाखवू?"

चावडीच्या पायरीखाली कोंडाई उभी होती. पायरी चढायची तिला मुभा नव्हती. ती खालूनच म्हणाली, "पाटील, मी दाखवते शीव."

"तू? अगं कोंडे, जमिनीचं काम हाय, बाळंतपण नव्हं."

"गाव अडलंयच की, पाटील. तीन दिस झाले नुसते कण्हताय तुमी समदे. सुईण नको तर कोन पायजे?"

म्हातारे हसले, तरणे हसले, पण दुसरा उपाय कोणाकडंच नव्हता. तेव्हा पाटील म्हणाले, "काय करायचं ते कर, माय."

कोंडाई निघाली ती थेट रुक्मा कासारणीकडं गेली. रुक्मा बांगड्यांचा हारा डोक्यावर घेऊन पंचक्रोशीतली गावं फिरायची. पुरुषाची सावली पडत नाही अशा माजघरात तिला बसायला पाट मिळायचा. कोंडाईनं तिला एकच निरोप दिला, "हिवरखोऱ्याची लेक जिथं दिली असंल तिथं जा. बांगडी चढवताना हात दाब आणि सांग, पंचमीला तुजी वार तुला बोलावती." बांगडी भरणारीचा हात धरलेला असतो, त्यामुळं निरोप अर्धा ऐकून कोणी उठून जाऊ शकत नाही. रुक्मा एकोणीस दिवस चालली. तिच्या पायांना फोड आले, आणि असं म्हणतात की हाऱ्यातली एकही बांगडी पिचली नाही.

पण प्रत्येक गावात पोटात गोष्ट न राहणारा एक माणूस असतोच. त्याचं नाव मी घेत नाही, त्याचे नातू गावातच आहेत आणि भेटले की चहा पाजतात. त्यानं जाऊन रंगरावाला सांगितलं, "बांधात मडकी पुरल्यात. ज्याची वार तो येऊन मडक्यावर उभा राहणार. तीच शीव दाखवणार."

रंगराव खुश झाला. मडकी काय, आपणही पुरू! बाजाराच्या दिवशी गाव मोकळं पडलं, तेव्हा त्यानं भर दुपारी चाळीस मडकी आणवली आणि जहागीरदाराची म्हणून जी रेघ ओढायची होती त्या रेघेवर पुरून टाकली. रेघ गावाच्या निम्म्या शेतांतून निघून पार मारुतीच्या पाठीपर्यंत गेली. मग मडक्यांवर उभं करायला त्यानं पागेतली चाळीस माणसं निवडली. एकेक गडी पहिलवान, एकेकाच्या मिशीवर लिंबू ठरेल असा. घरात बायको होती, आई होती, तीन बहिणी होत्या, पण त्यानं एकीलाही विचारलं नाही. बायकांना काय विचारायचं, जमिनीचं काम!

पंचमी उजाडली. मोजणीसाहेब आले. उंच, सडपातळ, छत्री धरलेला, पोटाचा विकार असलेला माणूस. बरोबर साखळी ओढणारे दोघे. समोर चाळीस मिशा रांगेत उभ्या.

रंगराव वाकून म्हणाला, "हुजूर, ही आमची हद्द. जुना रिवाज आहे. प्रत्येक माणसाच्या पायाखाली त्याची वार पुरलेली आहे."

साहेबांनी गावाकडं पाहिलं. "तुमचं काय म्हणणं?"

पाटील मागं सरकले. कोंडाई मात्र पदर खोचून पुढं झाली, रांगेतल्या पहिल्या पहिलवानासमोर उभी राहिली आणि मायेनं म्हणाली, "नाव काय रं लेकरा?"

"सर्जेराव," तो गरजला.

"आन् दिलंय कुठं तुला?"

"म्हंजी?"

"सासर, सासर कुठलं तुजं? सासू जाच करती का?"

पहिल्यांदा एक म्हातारी फिसकन हसली. मग बाया हसल्या. मग त्या हसण्याचा अर्थ पुरुषांना कळला, तेही हसले. साहेबांना काहीच कळेना. कोंडाईनं हात जोडले. "साहेब, पोराची वार परसात असती. बांधावर निस्त्या लेकीच असत्यात. ह्या चाळीस लेकींची लग्नं कोणी लावली ते तेवढं कारभाऱ्याला इचारा."

असं म्हणतात की एका पहिलवानानं पटक्याचा सोगा ओढून मिशी झाकली. दुसरा जो पळत सुटला तो तिसऱ्या दिवशी गोदाकाठी सापडला. साहेबांनी एक मडकं काढायला लावलं. भट्टीची ऊबही न गेलेलं, लालभडक. आत रंगरावानं काय घालावं? पेढे! वार कशी असते हे ठाऊक नाही, मग शुभ म्हणून पेढे.

साहेब हसले नाहीत. म्हणाले, "त्याचं खोटं निघालं म्हणून तुमचं खरं होत नाही. तुमच्या लेकी कुठं आहेत?"

तेव्हा कोंडाईनं तोंडाशी हात नेला आणि हाक दिली.

आणि डोंगराच्या चहूबाजूंनी बाया उतरू लागल्या. उसाआडून, ओढ्यातून, करवंदीच्या जाळीतून. लेकुरवाळ्या, पोटुशा, नऊवारीचा काष्टा मारलेल्या, सासूशी भांडून आलेल्या, सासूला घेऊन आलेल्या. ज्या वारल्या होत्या त्यांच्या लेकी आल्या. एका लंगडीला तिच्या नवऱ्यानं पाठुंगळी आणलं, आणि त्या नवऱ्याची वाहवा अजून होते. दोनशे अकरा. कोंडाई शिवेवरून पुढं चालत होती आणि नाव घेत होती. "पारू, बोरीच्या मुळाशी. जनी, खडकाच्या उजव्या अंगाला. सखू, आणखी दोन पावलं, हां." आणि ती ती लेक त्या त्या जागी उभी राहत होती.

साहेब म्हणाले, "जागा कोणीही सांगेल, बाई. खाली मडकं आहे हे मी कसं मानू? एक उकरून दाखवा."

उकरायचं म्हणजे कोणाच्यातरी जिवावर कुदळ मारायची. आणि नाही उकरलं तर डोणवाडीची वाट. कोंडाईनं दोनशे अकरा तोंडांकडं पाहिलं. बहुतेक सगळी तिच्या हातात आलेली, नाहीतर तिच्या आईच्या. ती म्हणाली, "नाही उकरणार, साहेब. गाव गेलं तरी चालंल."

तेवढ्यात मागून खोकला ऐकू आला. ठकूआत्या. नव्वदीची म्हातारी, गावातली सगळ्यात जुनी लेक. तिला बाजेवर घालून चौघांनी आणलं होतं. ती म्हणाली, "माजी उकरा."

"आत्या, नको गं!"

"गप बसा. माजं काय राहिलंय आता? दोन दात आन् एक शेळी. शेळी सुनंला नको हाय, दात मला नको झाल्यात. उकरा."

तिची बाज बांधापाशी ठेवली. कोंडाईनं कुदळ घेतली नाही, हातांनीच माती उकरली. हातभर खाली पणती लागली. पणतीखाली काळं पडलेलं मडकं, मडक्यात दगडासारखं झालेलं हळकुंड, आणि नव्वद वर्षांपूर्वीचे जोंधळे. ठकूआत्या बाजेवरून वाकून बघत राहिली. मग म्हणाली, "अगं माय. एवढीशीच होते मी?"

साहेबांनी छत्री मिटली. खाली बसले. आणि स्वतःच्या हातांनी त्यावर माती लोटली. असं म्हणतात, त्या जोंधळ्यातल्या एका दाण्याला त्याच क्षणी कोंब फुटला. ठकूआत्याला काहीही झालं नाही. ती आणखी एकवीस वर्षं जगली आणि सून आधी गेली.

मग साहेब म्हणाले, "हद्द सलग आहे हे कसं कळावं?" कोंडाईनं पहिल्या लेकीला खूण केली. तिनं आपलं नाव घेऊन हाक दिली, पुढचीनं ती ऐकून आपलं नाव घेतलं, आणि हाक शिवेवरून निघाली. डोंगराच्या सोंडेवरून गेली, ओढा ओलांडला, नजरेआड गेली. बराच वेळ काही ऐकू येईना. पाटील डोळे मिटून बसले. आणि मग मागच्या बाजूनं, बारीक, मग मोठी, नावानावानं हाक परत आली आणि जिथून निघाली होती तिथं येऊन मिळाली. साखळीवाल्यांनी साखळी गुंडाळली. साहेबांनी त्या हाकेवर रेघ ओढली. डोणवाडीच्या गाडीतल्या त्या मुलीच्या जागी डोणवाडीची लेक म्हणून कोंडाईनंच हाक दिली होती, म्हणून रेघ तिथंही तुटली नाही.

गाव वाचलं.

मग चावडीवर बसून कागद लिहिताना साहेबांनी पायरीखाली उभ्या असलेल्या कोंडाईला विचारलं, "तुझी कुठं पुरली आहे, बाई?"

"ठावं नाही, साहेब. माजी आई तवा चालत होती म्हणं. कुठल्या गावातनं उठवलं होतं, कुठं निघाली होती, तिलाच ठावं नव्हतं."

हे ऐकून मल्हारी पाटील चावडीची पायरी उतरून खाली आले. म्हणाले, "साहेब, लिहा. ह्या शिवेचा बांध, सगळ्या बाजूंनी, दोन हात रुंद, कोंडाईचा." एकेका घरानं हात वर केला. साहेबांनी दौतीत बोरू बुडवला आणि लिहिलं. ज्या बाईच्या पायाखाली आपली म्हणून माती नव्हती, ती एका दिवसात शिवेवरच्या प्रत्येक शेताला लागून असलेल्या जमिनीची मालकीण झाली.

म्हणून आजही हिवरखोऱ्यात शिवेचा बांध कोणी कोरत नाही. दुसऱ्या गावांत सख्खे भाऊ दर नांगरटीला बोटबोट बांध आपल्याकडं ओढतात आणि पंधरा वर्षं तालुक्याला खेपा घालतात. इथं ट्रॅक्टरवाला परगावचा असला तरी त्याला आधी सांगतात, "तिकडं फाळ उचल, कोंडाईचा बांध आहे." बाळंतपणं आता दवाखान्यात होतात. तरी मुलगी झाली की आजी मडकं घेऊन नर्सबाईच्या पुढं उभी राहते आणि बोलणी खाते. वार मिळाली तर वार, नाहीतर बाळाच्या नाळेचा सुकलेला तुकडा, पण शिवेवर काहीतरी जातंच. आणि पंचमीला माहेरवाशिणी बांधावर उभ्या राहून आपापल्या नावानं हाक देतात. बांधावर पिकलेलं गवत, बोरं, करवंदं, जे असेल ते, गावकुसाबाहेरच्या वस्तीनं न्यायचं. त्यावर दुसऱ्या कोणाचा हक्क नाही.

आता तुम्ही विचाराल, यात माझ्या पदरचं किती? पेढे माझे नाहीत, पेढे खरे आहेत. कोंब कदाचित चुलत्याचा असेल. पण एक भाग मी घातला आहे, आणि तो कबूल करतो. पाटील पायरी उतरले नाहीत. साहेबांनी बोरू दौतीत बुडवून विचारलं होतं, "हिच्यासाठी काय लिहू?" शाई वाळेपर्यंत कोणी बोललं नाही. मान सगळ्यात आधी खाली घातली ती माझ्या खापरपणजोबांनी. साहेबांनी कागद मिटला. बांधाला कोंडाईचा बांध म्हणायला लागल्या त्या लेकी, परत सासरी जाताना. पुरुषांना तो कोरायचा धीर झाला नाही, एवढंच. कागदावर तिचं नाव कुठंच नाही. मी तालुक्याला जाऊन पाहिलं आहे.

पंचवीस वर्षं झाली मी तो रचलेला भाग सांगतो. आता तो सगळ्या गावाला पाठ आहे. परवा आमच्या सत्यशीला सरपंच माझ्या दारात आल्या आणि कडाडल्या, "दादा, जुना उतारा काढला, त्यात कोंडाईचं नावच नाही!" मी म्हणालो, "वहिनी, ते मी रचलं होतं." त्या म्हणाल्या, "उगं काहीतरी बोलू नका. सगळ्या गावाला ठाऊक आहे बांध दिला होता ते. कागद चुकलाय." मी पुष्कळ सांगून पाहिलं. ऐकेनात. दुरुस्तीचा अर्ज लिहून आणला होता, त्यावर घराघराची सही हवी होती.

पहिली जागा रिकामी होती. तिथं मी सही केली, खापरपणजोबांच्या नावासकट.